बेदाणा नाय

परदेशी जाऊन आलेल्या बाईनं निदान एखादा राजवाडा, धबधबा किंवा मनोरा पाहिलेला असावा, अशी आमच्या सोसायटीतल्या बायकांची माफक अपेक्षा असते. मी बांगलादेशला जाऊन आले आणि प्रामुख्यानं एक गोदाम पाहिलं. पत्र्याचं, लांबलचक, आत उकाडा आणि बाहेर कावळे. त्या गोदामात बसून मी दोन अक्षरांचा एकच शब्द काही तास लिहीत होते. फोटो दाखवा म्हणतात, तर फोटोत आम्ही दोघी जावा, हात शाईनं काळे, आणि मागे खोकीच खोकी.

पण सुरुवात नाशिकपासून करायला हवी.

मी मंदा. अंबडच्या एका कारखान्यात तीस वर्षं तपासणी विभागात होते. सुटा भाग हातात घ्यायचा, मापायचा आणि नाही म्हणायचं, हे माझं काम. निवृत्त झाल्यावर नाही म्हणायला घरात नवरा तेवढा उरला आणि त्याला त्याची सवय झालेली आहे. शोभा ही माझी धाकटी जाऊ. तिची आणि दिराची दिंडोरीकडे द्राक्षबाग आहे. पूर्वी ती द्राक्षं बांगलादेशला जायची. मग तिकडच्या सरकारनं द्राक्षांवरचं आयात शुल्क वाढवलं आणि काही वर्षांनी पुन्हा वाढवलं. दर हंगामात बांधावर येऊन दोन कप चहा पिणारा व्यापारी आधी नुसता फोनवर यायला लागला आणि मग फोनवरूनही गेला.

शोभा कपाळाला हात लावून बसणाऱ्यांतली नाही. तिनं शेड उभी केली, जाळ्यांचे मजले लावले आणि द्राक्षं वाळत घातली. "ताजी नकोत ना त्यांना? मग वाळवून देते," असं तिचं म्हणणं. सुक्या मेव्यावरचं शुल्क वेगळं, ताज्या फळावरचं वेगळं, हे तिला माझ्याआधी कळलेलं. तरी चार वर्षं तिचा बेदाणा लिलावात दुसऱ्याच कुणाच्या तरी नावाच्या खोक्यांत भरला जाई. नाशिकच्या एका प्रदर्शनात तिला ढाक्याचे रफिकभाई भेटले, तेव्हा कुठं चित्र बदललं. त्यांनी सहाशे खोकी मागितली. ईदच्या आधी माल ढाक्यात पोचला तर वर्षभराची मागणी पक्की, नाही पोचला तर रामराम. ईदला शेवयांत बेदाणा लागतो आणि ईद झाल्यावर तो कुणी विचारत नाही, इतका साधा हिशेब होता.

आणि खोक्यावर या वेळी नाव होतं 'शोभा बेदाणा'. तोवर तिचं नाव फक्त रेशनकार्डावर आणि लग्नात आलेल्या भांड्यांवर होतं. तिला ते बंगालीतही छापून हवं होतं, म्हणजे तिकडच्या लोकांना वाचता येईल. फोनला देवनागरी दिली, त्यानं बंगाली अक्षरं करून दिली. छापण्याआधीचा नमुना तिनं माझ्याकडे पाठवला, कारण घरात तपासणी म्हणजे मी. मी तक्ता समोर घेऊन अक्षर न् अक्षर ताडून पाहिलं. शो, भा, बे, दा. शेवटच्या 'णा'चा 'ना' झाला होता, पण तेवढी सूट आम्ही कारखान्यातही देतो. लाल पेनानं कडेला लिहिलं, "तपासले. बरोबर आहे. मं." आणि नमुना परत धाडला.

माल ट्रकनं पुढं गेला. रफिकभाईंचं बोलावणं, व्हिसा वगैरे सोपस्कार आधीच झाले होते. आपलं नाव ढाक्याच्या बाजारात लागलेलं बघायचं, हा शोभाचा हट्ट, आणि ती एकटी कशी जाणार म्हणून मी. नाशिकरोडला हावड्याच्या गाडीत बसलो. पिशवीत भाकरी, ठेचा आणि दोन किलो चिवडा होता. दीर सोडायला आले होते, ते म्हणाले, "तिकडं काही अडलं तर ताई हायेत." मला फार बरं वाटलं होतं तेव्हा.

कोलकाता

कोलकात्याबद्दल लिहायचं तर खूप आहे, पण शोभानं त्यातलं पाहिलं ते एवढंच: इथं पुऱ्या मैद्याच्या करतात आणि दही मातीच्या भांड्यात देऊन ते भांडं चक्क फेकून देतात. चार भांडी तिनं धुऊन पिशवीत घातली. "मीठ ठेवायला," म्हणाली.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही बाजारातून चाललो होतो. एक फळवाला मोठ्यानं ओरडत होता, "बेदाना! बेदाना!"

शोभा थबकली. चेहरा असा फुलला, की जणू माहेरचं माणूस भेटलंय. "ताई, ऐकलं का? हिथं पण बेदाणा हाय! बघू तरी कसा हाय यांचा." आणि गर्दीतून वाट काढत गेली.

मी मागोमाग पोचले. फळवाल्याच्या गाडीवर लालचुटुक डाळिंबं रचलेली होती. दुसरं काहीच नव्हतं.

"बेदाणा कुठं हाय?" शोभानं मराठीत विचारलं. त्यानं एक डाळिंब उचलून तिच्या हातात दिलं.

"हे डाळिंब हाय."

"बेदाना," तो म्हणाला.

"अरे बाबा, डाळिंब!"

"हां, हां. बेदाना."

शोभाला गंमत वाटली. डाळिंबाला बेदाणा म्हणतात म्हणे, काय येडी माणसं, म्हणून ती पोट धरून हसली. माझ्या मात्र सहाशे खोकी डोळ्यांसमोरून गेली. त्यांवर मोठ्या, ठळक, अचूक बंगाली अक्षरांत लिहिलं होतं: शोभा डाळिंब. अक्षर न् अक्षर बरोबर, मी स्वतः तपासलेलं.

मी मूग गिळून गप्प बसले. शोभाचं हसू माझ्यामुळे थांबू नये एवढाच विचार होता, असं मी स्वतःला सांगितलं, पण खरं म्हणजे मी घाबरले होते.

दुपारी रफिकभाईंचा फोन आला. ते ढाक्याहून सीमेवर येऊन बसले होते. "दीदी, एक छोटा सा सवाल है," ते फार अदबीनं म्हणाले. "आपने किसमिस भेजा है, या बेदाना?"

शोभाचं हसणं तिथं थांबलं.

बनगाव

बनगाव हे आपल्या बाजूचं शेवटचं गाव. तिथून पुढं सीमा. रस्त्याच्या कडेनं ट्रक उभे असतात, ड्रायव्हर खाली सावलीत चादर टाकून पत्ते खेळत असतात. एका ट्रकवर आपल्याकडची एमएच पंधरा दिसली आणि आम्ही दोघी धावतच गेलो. ड्रायव्हर निफाडकडचा होता, ट्रकमध्ये द्राक्षं होती.

"पहिले बघायला पाहिजे होतं तुम्ही," तो म्हणाला. "निस्ती आपली द्राक्षाची रांग लागायची हिथं. नाशिकचं बोलणं ऐकायला यायचं चहाच्या टपरीवर. आता तिकडं टॅक्स वाढला, माल महाग झाला, लोकं घेईनात. आता आम्ही मोजके."

"रांग कमी झाली म्हणजे तुमचा वेळ वाचतो," मी उगाच म्हणाले.

"वाचतो ना. घरीच बसतो मी दोन-दोन महिने," तो म्हणाला. शोभानं त्याला भाकरी आणि ठेचा दिला. टपरीवाल्यानं कुतूहलानं ठेच्यात बोट बुडवून चाखलं आणि पुढची दहा मिनिटं तो बादलीपाशीच होता.

पलीकडे

सीमा ओलांडणं म्हणजे प्रत्यक्षात खूप कागद आणि थोडंसं चालणं. पलीकडं गेल्यावर सगळ्यात आधी रोजे जाणवले. चहाच्या टपऱ्यांना पडदे, हॉटेलं सुनसान. रफिकभाई गोल टोपी घालून, घाम पुसत उभे होते. पन्नाशीचा माणूस, चेहरा काळजीनं ओढलेला. त्यांनी वाटेतच अडचण समजावली. कागद म्हणतात किसमिस. खोक्यावर कोपऱ्यात बारीक इंग्रजीतही तेच. पण समोर हातभर बंगाली अक्षरांत बेदाना. डाळिंबाचं शुल्क वेगळं, ताज्या फळाचे दाखले वेगळे, आणि एका नावाखाली दुसराच माल घुसवणारे लोक इथं रोज येतात. त्यामुळे सहाशे खोकी गोदामात, आणि ईद आठवड्यावर.

तपासणी अधिकारी एक बाई निघाली. तिशीची, डोक्यावर ओढणी, नाकावर चष्मा, हातात पेन. तिनं खोकं ज्या नजरेनं न्याहाळलं ती नजर मी ओळखली. तीस वर्षं आरशात पाहिलेली नजर होती ती. ही बाई ऐकणार नाही, हे मला तिथंच कळलं, आणि लाज वाटते सांगायला, पण मला तिचा अभिमान वाटला.

"खोलके देखिए ना मॅडम," शोभा तिच्या नाशिक-हिंदीत म्हणाली. "डोळ्यांनी दिसता है!" तिनं खोकं फोडलं, मूठभर बेदाणा काढला आणि थेट बाईच्या तोंडापाशी नेला. बाई दोन पावलं मागे सरकली.

"मैं रोज़े से हूँ."

शोभाची मूठ तशीच हवेत राहिली. ज्या एका गोष्टीनं सगळं सिद्ध झालं असतं, ती सूर्य बुडेपर्यंत करता येणार नव्हती.

"मुझे दिखता है कि किसमिस है," अधिकारी बाई शांतपणे म्हणाली. "लेकिन डिब्बा क्या बोलता है, वो भी देखना पड़ता है. बाज़ार में आदमी डिब्बा पढ़ता है." मग तिनं खोकं उलटं केलं, तळाच्या पाकळीकडे पाहिलं आणि विचारलं, "खालाम्मा, ये क्या लिखा है?"

मी वाकून पाहिलं. तळाला, छापील शाईत, माझ्या स्वतःच्या तिरप्या अक्षरात होतं: तपासले. बरोबर आहे. मं.

छापणाऱ्यानं नमुना जसाच्या तसा छापला होता, शेऱ्यासकट. सहाशे खोक्यांवर. कान गरम झाले. खालाम्मा, म्हणजे मावशी, म्हटल्याचा राग यायचाही राहून गेला.

"भगवान का नाम है," मी म्हणाले.

बाईनं लगेच खोकं सरळ केलं आणि अतिशय आदरानं खाली ठेवलं. शोभाला खोकल्याची उबळ आली.

मग तोडगा निघाला. बेदाना हा शब्द काळ्या शाईनं खोडायचा, रफिकभाईंनी लेखी द्यायचं, माल सुटेल. रफिकभाईंचा जीव भांड्यात पडला, माझाही. त्यांनी खिशातून मार्कर काढला.

"नाय," शोभा म्हणाली.

सगळे तिच्याकडे बघायला लागले.

"नाव नाय खोडायचं." ती खोक्यावर हात ठेवून उभी होती. "चार वर्षं लोकांच्या नावानं माल गेला माझा. आता पहिल्यांदा माझं नाव लागलं, तर त्याच्यावर काळं फासू? ताई, तुम्ही सांगा त्यांना."

मी हिंदीत सांगितलं. अधिकारी बाई म्हणाली, शोभा राहू दे, नुसतं बेदाना खोडा. शोभा म्हणाली, "नुसतं शोभा ठेवून काय करू? शोभा कशाची ते कळायला नको?" रफिकभाई ईदचे दिवस बोटांवर मोजून दाखवायला लागले. ते पाहून शोभाचे डोळे भरून आले, पण हात काही खोक्यावरून हलेना. मला तिला समजवायला हवं होतं, पण चूक माझी होती आणि ते मला अजून बोलवत नव्हतं.

शेवटी शोभाचा तोल सुटला. तिनं खोक्यावर थाप मारली आणि त्या बाईला सरळ मराठीत सुनावलं, "अहो मॅडम, बेदाणा नाय! तुमचा तो बेदाणा नाय!"

अधिकारी बाईचं पेन थांबलं. "की बोललेन? बेदाना नॉय?"

"नाय!"

"नॉय?"

"नायच!"

आणि ती बाई हसली. रफिकभाईही हसायला लागले. मला काही कळेना. मग त्यांनी सांगितलं, बंगालीत 'नॉय' म्हणजे 'नाही', अगदी आपल्या दिंडोरीच्या 'नाय'सारखं. शोभा मघापासून शुद्ध बंगालीत बोलत होती.

"तो वही लिख दीजिए," बाई म्हणाली. "डिब्बा सच बोलेगा. नाम भी रहेगा."

असं ते ठरलं. 'बेदाना'च्या पुढं हातानं 'नॉय' लिहायचं, सहाशे वेळा. बंगालीत ती दोनच अक्षरं आहेत. शोभा आयुष्यात तेवढंच बंगाली लिहायला शिकली. पहिल्या वीसेक खोक्यांवर नॉय काढलंय की उंदीर काढलाय ते कळत नव्हतं, पुढं मात्र हात बसला. मी, शोभा, रफिकभाई आणि गोदामातले दोन हमाल, असे पाच जण फतकल मारून बसलो. पाणी प्यायचं तर आम्ही दोघी भिंतीआड जाऊन प्यायचो, कारण समोर उपाशी माणसं काम करत होती. आपल्याकडे चतुर्थीचा उपास असला की साबुदाण्याची खिचडी, रताळी, दाण्याची आमटी असा भरगच्च कार्यक्रम असतो. हे लोक त्या उकाड्यात घोटभर पाण्याशिवाय खोकी उचलत होते. मला माझ्या आजवरच्या उपासांची जराशी लाज वाटली.

सूर्य बुडायला आला तसं ओसरीवर वर्तमानपत्रं पसरली. खजूर, मुरमुरे, हरभरे आणि कांद्याची गोल भजी, त्यांना ते पियाजू म्हणतात. सगळं एकत्र कालवतात. अधिकारी बाईनं आम्हालाही बसवलं. मी पिशवीतला नाशिकचा चिवडा काढून त्यातच ओतला आणि तो कुणाला परका वाटला नाही.

शोभानं एक भजं उलटसुलट करून पाहिलं. "कांदा लय कमी घातला हो यात."

रफिकभाईंनी ते भाषांतर करून सांगितलं, तर ओसरीभर हशा झाला. "आप नाशिक से हैं ना?" अधिकारी बाई म्हणाली. "आपका प्याज़ बंद होता है तो हमारा पियाजू दाल का हो जाता है. मेरी अम्मी पूछती है, नाशिक सचमुच कोई गाँव है, या सिर्फ़ भाव बढ़ाने के लिए नाम लेते हैं?"

"बंद आम्ही नाय करत!" शोभा तटकन म्हणाली. "बंद दिल्लीत होतो. तिकडं आमच्या कांदाचाळीत माल सडतो आन् हिथं तुमचं भजं बारीक होतं. करणारा तिसराच."

बाईनं पाण्याचा ग्लास खाली ठेवला. "टैक्स भी मैं नहीं लगाती, खालाम्मा. मैं सिर्फ़ पढ़ती हूँ." मग तिनं समोरच्या फोडलेल्या खोक्यातून चार बेदाणे उचलून तोंडात टाकले. बराच वेळ चावले. आम्ही सगळे तिच्या जबड्याकडे बघत होतो.

"नॉय," ती म्हणाली. "बेदाना तो बिलकुल नॉय." आणि आणखी चार उचलले.

ढाका

सकाळी माल सुटला. ढाक्याच्या रस्त्यांबद्दल आणि गर्दीबद्दल मी काही लिहीत नाही, आयुष्य थोडं आहे. तिसऱ्या दिवशी रफिकभाई आम्हाला घाऊक बाजारातल्या एका बोळात घेऊन गेले. दोन्ही बाजूंना शेवयांचे डोंगर. एका दुकानापुढं आमची खोकी रचलेली होती आणि दुकानदार वर चढून ओरडत होता, "बेदाना नॉय! बेदाना नॉय! नाशिकेर किसमिस!" लोक आधी हसत, मग थांबत, मग मूठ तोंडात टाकत, मग घेत. जी वस्तू नाही तिच्या नावानं असलेली वस्तू विकणारा जगातला हा एकमेव माणूस असावा.

शोभा त्या बोळात उभी राहून ऐकत राहिली. पदर डोळ्यांना लावला. "ताई, नाव लागलं हो माझं," म्हणाली. मी पण रडले. ती आनंदानं रडत होती, मी थोडी आनंदानं आणि थोडी चूक कबूल करायच्या भीतीनं.

घरी

परत येऊन महिना झाला तेव्हा रफिकभाईंचा निरोप आला. वर्षभराची मागणी पक्की. दोनच अटी होत्या. 'नॉय' आता हातानं नको, छापूनच घ्या, लोक त्याच नावानं मागतात. आणि दुसरी, खोक्याच्या तळाला जे देवाचं नाव आहे ते तिथं बरं दिसत नाही, पायदळी येतं, तरी ते वरच्या बाजूला, सगळ्यांच्या आधी, मानानं घ्यावं.

मी दिंडोरीला शेडमध्ये बसले होते. शोभानं नवा नमुना माझ्यापुढं ठेवला. सगळ्यात वर, जिथं आपण श्री लिहितो तिथं, माझ्या तिरप्या अक्षरात होतं: तपासले. बरोबर आहे. मं. त्याखाली शोभा बेदाणा. त्याखाली बंगालीत, बेदाना नॉय.

"शोभा," मी म्हणाले, "ते देवाचं नाव नाही."

"माहीत हाय."

"तो नमुना मीच पास केला होता. चूक माझी होती. कोलकात्यात कळलं होतं मला, आणि मी बोलले नाही."

ती जाळीवरचे बेदाणे पालथे करत होती, तिनं वळूनही पाहिलं नाही. "खोकी छापून आली त्याच दिवशी वाचलं मी खालचं. म्हटलं, सहाशे ठिकाणी सही केलीय ताईंनी, आता काय बी झालं तर सही करणारं माणूस संगं असलेलं बरं. नायतर तुम्हाला कशाला नेते मी? तुम्ही घोरता किती गाडीत."

एवढा सगळा प्रवास मी जे पोटात दडवून केला, ते सहाशे खोक्यांच्या तळाला छापलेलं होतं आणि तिनं ते वाचूनच मला बरोबर घेतलं होतं.

दीर आत आले, म्हणाले, तिकडं आता किसमिसवरचंही शुल्क वाढणार अशी बातमी आहे. "वाढू द्या," शोभा म्हणाली. "वाढलं की बघू काय वाळवायचं ते." मग पदराला हात पुसून तिनं एक लाल पेन माझ्यापुढं केलं. "तपासा, ताई. आन् सही करा."

मी नमुना अक्षर न् अक्षर वाचला. या वेळी ओझरच्या एका बंगाली बाईंकडून फोनवर दोनदा खात्रीही करून घेतली. मग सही केली.

पण वेगळ्या कागदावर.